झोपलेल्या कॉम्प्युटरची हाक

प्रिय धीरज,

टपालानं आलेलं पाकीट बघून तू दचकशील. आपल्या घरून पत्र म्हणजे कुणीतरी गेलं, असंच आपण लहानपणापासून धरून चाललोय. म्हणून आधीच सांगते, कागदाचा कोपरा फाडलेला नाही, नीट बघ. सगळे जिवंत आहेत. आई, मी आणि म्हैस. फोन सोडून कागद का हातात घेतला ते शेवटी सांगेन. तोवर उभ्या उभ्या वाचू नकोस, पाणी पी आणि बस.

ऊन यंदा होळीच्या आधीच पेटलं. केळीच्या बागांना कडेनं हिरवी जाळी लावलीय तरी पानं करपतात. बारा वाजले की गावाचं दार लागतं म्हण ना. ओट्यावर माणूस नाही, झाडाखाली कुत्रं नाही. शहाद्याहून येणारी एसटी फाट्यावर रिकामी थांबते आणि रिकामी निघून जाते. पुढच्या खोलीत माझं ऑनलाइनचं दुकान सकाळी चालतं, पीकविमा, दाखले, कुणाचं आधार, कुणाचा सातबारा. दुपारी मी ते बंद करते. कॉम्प्युटरला तू सांगितल्याप्रमाणे झोपवते. 'शटडाऊन करत जाऊ नको ताई, स्लीपला ठेव, मशीन जास्त टिकतं,' हे तुझं वाक्य मी पाठ केलंय. मग आई त्याच खोलीत कूलरसमोर चटई टाकून आडवी होते. मी आत माजघरात. दोघी झोपतो, मशीनही झोपतं. असं चाललं होतं.

होळीनंतर एका दुपारी ते झोपेत वाजलं. तुला तो आवाज माहीत आहे. दोनच सूर, पहिला वर चढणारा, दुसरा खाली उतरणारा. मी ऐकला आणि कूस बदलली. कुणाचा तरी मेल आला असेल. पण बाहेर आई उठून बसली होती. मी पाणी प्यायला उठले तेव्हा ती त्या काळ्या पडद्याकडे बघत होती, आणि तिनं तोंडावर पदर घट्ट दाबून धरला होता. तिला विचारलं तर म्हणाली काही नाही. दुसऱ्या दिवशी तीच वेळ, तोच आवाज, तोच पदर. चार-पाच दिवसांनी मी चिडून विचारलं, आई, तोंड का दाबतेस? तर म्हणाली, चुकीन ओ निघी जाई म्हनीसन.

मग माझ्या डोक्यात प्रकाश पडला. ते दोन सूर म्हणजे लांबून शेतातून कुणी 'आऽई' म्हणावं तसेच आहेत. मी एरवी कधी तसं ऐकलं नव्हतं. एकदा ऐकल्यावर मात्र दुसरं काही ऐकूच येईना. तुला आठवतं ना, भर दुपारी पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही. माणूस असेल तर तीनदा हाक मारतो, कारण त्याला काम असतं. दुसरं जे असतं ते एकदाच मारतं आणि वाट बघत बसतं. आपण ओ दिली की आपण त्याचे झालो. आईनं आपल्याला हे भाकरीबरोबर भरवलंय. आणि हा कॉम्प्युटर रोज एकदाच हाक मारायचा. आई म्हणायची, तीन हाका मारू दे, मंग ओ देसू. तिसरी काही यायची नाही.

मी तुला मेसेज केला तो तेव्हा. कॉम्प्युटर झोपेत वाजतो, बंद कसा करू? तुझं उत्तर इतक्या लगेच आलं की मला वाटलं तू मोबाइल हातात धरूनच बसला होतास. तू म्हणालास स्पीकरच्या चिन्हावर फुली मार. मारली. वाजला. तू म्हणालास नोटिफिकेशन बंद कर, ही अशी, तिथली, त्याच्या आतली. सगळ्या बंद केल्या, अगदी बॅटरी आणि हवामान यांचीही तोंडं बंद केली. वाजला. स्पीकरची वायरच उपटली, तर आवाज स्क्रीनच्या पोटातून आला. तेव्हा माझ्या अंगावर खरंच काटा आला होता, तुला काय सांगू. तू म्हणालास, स्क्रीनला आतून बारका स्पीकर असतो ताई, घाबरू नको, थांब, मीच इकडून बघतो.

आणि तू इकडून बघितलंस. आता तुला हे हसण्यासारखं वाटेल, पण त्या वेळी खोलीत कोण होतं ते ऐक. शेजारच्या फुलवंताबाई हयातीच्या दाखल्याला आल्या होत्या. पेन्शन चालू राहायला जिवंत आहोत असं वर्षातून एकदा सिद्ध करावं लागतं ना, त्याला. त्या खुर्चीत ताठ बसलेल्या, मी त्यांच्यासाठी चहा टाकायला आत, आई दारात गहू निवडत. कॉम्प्युटरजवळ कुणीच नाही. आणि पडदा आपोआप उजळला, बाण हलायला लागला. एक चौकोन उघडला, मिटला, दुसरा उघडला. फुलवंताबाईंनी आधी हात वर केले, मी नई, मी नई, म्हणून. मग जिवंत असल्याचा दाखला तिथंच टाकून त्या अनवाणी पळाल्या. तव्यासारख्या तापलेल्या रस्त्यावरून, या वयात. संध्याकाळपर्यंत गावभर झालं की प्रतिभाच्या दुकानात दिसत नाही असा माणूस कामाला ठेवलाय. माझी गिऱ्हाईकं दोन दिवस फिरकली नाहीत. त्याबद्दल तुला वेगळं बोलेन.

आई मात्र पळाली नाही. सूप मांडीवर तसंच ठेवून ती बाणाकडे टक लावून होती. बाण एका जागी थबकला, जरा गोल फिरला, मग योग्य ठिकाणी गेला. लहानपणी पाटीवर अक्षर काढायच्या आधी तू हवेत असंच गोल फिरवायचास पेन्सिल. आई माझ्याकडे वळून अगदी शांतपणे म्हणाली, त्यानाच हात शे तो.

मी म्हणाले, त्याचाच आहे आई, तो बडोद्याहून चालवतोय. आई हसली. ते हसणं मला आवडलं नाही. आजारी माणसाला आपण बरं वाटेल असं खोटं सांगतो आणि तो समजून उमजून हसतो, तसं ती माझ्याकडे बघून हसली.

धीरज, तू न विचारता केलेल्या लग्नाची बातमी आली त्या दिवशी काय झालं ते आपण दोघं कधी बोललेलो नाही. तू फाट्यावरूनच परत गेलास. रुपाला घेऊन घरापर्यंत आलाच नाहीस, कारण तुझ्या आधी गाव येऊन आईला सांगून गेलं होतं. ती काय म्हणाली ते तुला कुणीतरी कळवलंच असेल, मन्हाकरता तो मरी गया. पण लोक बोलतात ते बोलण्यापुरतं. आई बोलून थांबली नाही. ती परसात गेली, दगडावर बसली आणि तिनं तुझ्या नावानं डोक्यावरून पाणी घेतलं. भरलेली बादली, लुगड्यासकट. मेलेल्याची करतात तशी आंघोळ. मी बघत होते. मी बादली ओढली तर तिनं उरलेलं पाणी तांब्यानं घेतलं. आणि त्यानंतर तिनं एकदाही तुझं नाव काढलं नाही. मी धरून चालले होते, सुंभ जळला तरी पीळ जात नाही, दुसरं काय. मला हे कधी सुचलंच नाही की तिला भीती वाटत असेल. आपण केलेली आंघोळ खरी झाली तर, याची.

आता मी म्हणते तो जिवंत आहे, आणि ती म्हणते बरं. मी तुझा मेसेज दाखवला, ती म्हणाली अक्षरं कुणाचीही असतात. मी फोटो दाखवला, ती म्हणाली जुना असेल. मग मी सरळ तुला फोन लावला आणि फोन तिच्या कानाला धरला. तुला तो दिवस आठवतोय. मी म्हणाले, बोल रे, आई आहे. आणि तू बोलला नाहीस. तूही नाही आणि तीही नाही. मूग गिळून बसलात दोघं, एकाच मुशीतले. मी फोन परत घेतला तेव्हा आईच्या कपाळावर घाम होता. म्हणाली, नुसता श्वास होता. तुझा राग, तुझा मान, मला सगळं समजतं रे, पण त्या दिवशी तू एक शब्द बोलला असतास तर हे पत्र लिहावं लागलं नसतं.

पुढच्या आठवड्यात मी धीर गोळा करून फुलवंताबाईंकडे जाऊन त्यांचा दाखला पोचता केला. परत आले तर आई म्हणाली, त्याना बी काढ ना असा दाखला. मला आधी हसूच आलं. म्हटलं, आई, त्याला माणूस स्वतः समोर यावा लागतो, आल्याशिवाय निघत नाही. ती म्हणाली, तेच तं म्हनस मी.

मग रडणं सुरू झालं. तोपर्यंत तुझ्या कुठल्याशा उपायानं ते दोन सूर अधूनमधून बंद पडायला लागले होते आणि मी मनात म्हणत होते, सुटलो. पण आवाज नसला तरी आई त्या वेळी उठून बसायचीच. पडदा काळा, आणि वरच्या काठावर तो एक बारीक हिरवा ठिपका लागलेला. आई त्या ठिपक्यासमोर बसायची. बोलायची नाही, रडायची नाही, केस सारखे करून नुसती बसायची. ठिपका विझला की आडवी व्हायची. एका दुपारी तिनं मला हलवून उठवलं. म्हणाली, त्यात लेकरू रडतंय. मी गेले, कान दिला, काही नाही. कूलरचा आवाज तेवढा. मी तिला रागावले. तिच्या अंगाला हात लावून बघितला, ताप नव्हता. ती माझ्याजवळ बसली आणि मला समजावून सांगायला लागली, मला, म्हणजे मीच लहान असल्यासारखी. आते तो ल्हाना व्हई गया. मरेल मानूस मांगे मांगे जास. आधी बोलायचं विसरतो, म्हणून एकच हाक मारता येते. मग तेही विसरतो, नुसता रडतो. म्हणाली, रडनं बी बंद व्हई एक दिन, मंग संपनं.

कुणी म्हटलं असतं बाईचं डोकं फिरलं. पण तिचं बाकी सगळं जागच्या जागी आहे रे. दुधाचा हिशेब तोंडपाठ, केळीच्या मजुरांवर ओरडणं चालू, माझ्या भाजीत मीठ कमी हे दोन घरं ऐकू जाईल असं सांगते. फक्त दुपारी ती दुसरीकडे असते. आणि दुपारी ती जेवत नाही. पान वाढून घेते, कॉम्प्युटरच्या टेबलावर ठेवते, आणि चार वाजता म्हशीला घालते. मला म्हणाली, त्याच्यासमोर कसं जेवू. अंगात चोळी सैल झालीय तिची. मी बाह्या आत घेऊन दिल्या.

अक्षय तृतीया जवळ आली म्हणून परवा शहाद्याच्या बाजारातून ती आखाजीचं सामान घेऊन आली. रिक्षातून उतरताना तिच्या दोन्ही हातांत घागरी होत्या. आपल्या घरात घागर एकच भरतात, दादांच्या नावाची. दादा गेल्यापासून एकच, वर डांगराचं फळ, दोन सांजोऱ्या, आंबा. मी विचारलं दुसरी कशाला, फुटली तर असावी म्हणून का? ती म्हणाली, एक तुन्हा बापनी, एक त्यानी. आणि घागर अशी ठोकून ठोकून बघत होती, कुठं चीर नाही ना. म्हणाली, इतके दिवस हाक मारतोय, तहान लागली असेल.

धीरज, ती घागर भरली की झालं. तू पितरांत गेलास. नंतर तू साक्षात येऊन उभा राहिलास तरी आई तुला ओळखेल की नाही, मला सांगता येत नाही.

काल मी शेवटचा उपाय केला. दुपारी मशीन झोपवलं नाही, पूर्ण बंद केलं, भिंतीतली पिन काढली, नेटच्या डबीचीही काढली. आई चटईवर पडल्या पडल्या बघत होती. त्यानं दार लाई दिन्हं तू, एवढंच म्हणाली, जसं मी तुझ्याच तोंडावर दार लावलं, आणि भिंतीकडे तोंड केलं. मी तिच्या उशाशी बसून राहिले. कूलर चालू होता. बाहेर पानही हलत नव्हतं. ती वेळ आली. काही वाजलं नाही, कुठला ठिपका लागला नाही, वाजायला त्यात जीवच नव्हता. आणि आईनं झोपेत, डोळे मिटलेले असताना, स्वच्छ आवाजात म्हटलं, ओ. मी तिला गदागदा हलवलं. तिनं डोळे उघडले, मला बघितलं, आणि तिचा चेहरा इतका पडला की मला माझीच लाज वाटली. तिला मी नको होते.

मी आयुष्यात कशाला अशी भ्याले नव्हते. बाराव्या दिवसाच्या पंगतीत वाढपी म्हणून उभी राहणारी बाई मी. पण हाकेशिवाय ओ देणाऱ्या माणसाला कसं थांबवायचं, ते मला माहीत नाही.

आता कागद का, ते ऐक. पिन काढताना माझ्या मनात आलं, धीरजनं इतके उपाय सांगितले, इथे फुली मार, तिथे बंद कर, वायर उपट. पण 'ताई, बटण बंद करून पिन काढ' हे शेंबड्या पोरालाही सुचणारं त्यानं एकदाही सांगितलं नाही. उलट झोपवूनच ठेव म्हणाला. मग आठवलं, रविवारी कधी वाजायचा नाही, वाजायचा तो तुझ्या कंपनीच्या जेवणाच्या सुट्टीत. आणि मागच्या शुक्रवारी आई गोठ्यात असताना तो हिरवा ठिपका लागला, तेव्हा मी हळूच जाऊन स्क्रीनच्या पोटाला कान लावला. लेकरू रडत होतं, धीरज. आणि त्याच्या मागे कुकरची शिट्टी झाली. मेलेल्यांच्या घरी कुकर लागत नाही. लेकरू रडलं त्या दोन्ही दिवशी तू सुट्टीवर घरीच असशील आणि तुझ्याकडचा माइक बंद करायला विसरला असशील. रोज दुपारी तू तिकडून मशीनला जोडून घेऊन येतोस, ते दोन सूर त्याचेच, त्या ठिपक्याशेजारच्या कॅमेऱ्यातून आईला झोपलेली बघतोस, आणि न बोलता जातोस. ताकास तूर लागू दिली नाहीस मला. तो आवाज बंद करणं तुला दोन मिनिटांचं काम होतं, पण आवाज झाला की आई डोळे उघडून थेट तुझ्याकडे बघायची, म्हणून तू तो ठेवलास ना? मी रागावलेली नाही. मी काल रात्रभर तुझ्यासाठी रडले. पण कॉम्प्युटरवर किंवा मेसेजमधून हे लिहिलं असतं तर तू पुन्हा एक उपाय सांगितला असतास, आणि मला उपाय नको, तू हवास. एकदा हाक मारून गप्प बसायचं काम माणसाचं नाही. रुपाला घे, लेकराला घे. मुलगा की मुलगी तेही मला माहीत नाही, आणि नाव ठेवलं असेल तर मोड ते, आत्याशिवाय बारसं होत नसतं. आखाजीच्या आत ये. भर दुपारी ये, फाट्यावरून चालत ये, आणि ओट्याखाली उभा राहून मोठ्यानं हाक मार. एकदा मारून थांबू नकोस. मी दार उघडणार नाही, मध्ये बोलणार नाही. ओ तर आई आता देणारच आहे, धीरज. ती कुणाला द्यायची, एवढंच तुझ्या हातात आहे.

वाटेकडे कान लावून बसलेली,
तुझीच
ताई